हम्बोल्ट पेंग्विन आणि इन्का सुरयांसाठी किनारा उभा करताना

उत्तर-पश्चिम इंग्लंडमधल्या एका प्राणिसंग्रहालयात हम्बोल्ट पेंग्विन आणि इन्का सुरय (टर्न, म्हणजे उडणारे समुद्रपक्षी) यांच्यासाठी उघड्यावरचा अधिवास बांधून पूर्ण झाला. पहिली बैठक २०२३च्या वसंतात झाली आणि सप्टेंबर २०२५मध्ये पक्षी पाण्यात उतरले. आराखडा, पाण्याची यंत्रणा आणि बांधकामावरची देखरेख हे आमच्या चमूचं काम होतं. भारतातले वास्तुविशारद आणि प्राणिसंग्रहालयांतले अभियंते याबद्दल अधूनमधून विचारत असतात, म्हणून जे जसं घडलं तसं क्रमाने लिहीत आहोत.

सुरुवातीचे दोन-तीन महिने कागदावर रेघही मारली नाही. आधी पक्षी मिळणार का, किती आणि कुठून, हे ठरवावं लागतं. हम्बोल्ट पेंग्विन साइट्स कराराच्या, म्हणजे धोक्यातल्या वन्यजीवांच्या व्यापारावरच्या आंतरराष्ट्रीय कराराच्या, पहिल्या म्हणजे सर्वांत कडक परिशिष्टात आहे. युरोपातल्या प्राणिसंग्रहालयांत त्याच्या प्रजननाचा संयुक्त कार्यक्रम चालतो आणि कुठला पक्षी कुठे जाईल याची शिफारस त्या कार्यक्रमाचा समन्वयक करतो. पक्ष्यांची खरेदी-विक्री होत नाही, खर्च येतो तो तपासण्यांचा आणि वाहतुकीचा. समन्वयकाला पत्र पहिल्याच आठवड्यात पाठवावं. बांधकाम संपत आल्यावर विचारलं तर वर्षभर रिकामा हौद बघत बसावं लागतं. आम्हाला चोवीस पक्ष्यांची तत्त्वतः संमती मिळाली आणि पुढची सगळी मापं त्या आकड्यावरून निघाली.

पेंग्विन म्हटलं की लोकांना बर्फ आठवतो. व्यवस्थापनाकडून आलेल्या पहिल्या चित्रांत पांढरे-निळे कडे होतेच. हा पक्षी पेरू आणि चिलीच्या किनाऱ्यावरचा आहे. समोर हम्बोल्ट प्रवाहाचं थंड पाणी आणि पाठीमागे जवळजवळ निष्पर्ण वाळवंट, अशी ती जागा. तिथे समुद्रपक्ष्यांच्या शिटेचे थरावर थर साचून ग्वानो तयार होतो आणि त्यात बीळ खणून पेंग्विन अंडी घालतात. एकोणिसाव्या शतकात हा ग्वानो खत म्हणून जहाजं भरभरून युरोपात नेला गेला आणि बिळं खणायला जागाच उरली नाही. तेव्हा नैसर्गिक अधिवास करायचा म्हणजे तपकिरी खडक, गोट्यांचा उतार, कोरडी जमीन आणि भरपूर बिळं. बर्फही नको, नारळाची झाडंही नकोत. प्रेक्षकांना हे सुरुवातीला उघडंबोडकं वाटतं. पेंग्विन बिळातून डोकं काढून शेजाऱ्याशी भांडायला लागले की कुणी झाडं मागत नाही.

आमचं म्हणणं सुरुवातीपासून एकच होतं: पैसा आधी पक्ष्याच्या पायांवर, पिसांवर आणि फुप्फुसांवर खर्च व्हावा, डोळ्यांना दिसणारा खडक त्यानंतर. लंडनच्या प्राणिसंग्रहालयातला वास्तुविशारद लुबेटकिनचा १९३४चा पेंग्विन हौद वास्तुकलेच्या इतिहासात मानाचा आहे. एकमेकांना छेदून जाणारे ते दोन काँक्रीटचे उतार आजही जपून ठेवलेत, पण २००४मध्ये पेंग्विन तिथून हलवले गेले. काँक्रीटवर सतत चालून पायांना होणारे घाव हे त्यामागचं एक कारण सांगितलं जातं. प्रत्येक बैठकीत आम्ही त्या हौदाचा फोटो जवळ ठेवत होतो.

परवानग्यांचं सत्र २०२४च्या मेमध्ये सुरू झालं. स्थानिक परिषदेकडे बांधकाम परवानगीचा अर्ज गेला. लहान प्रकल्पाच्या अर्जावर आठ आठवड्यांत निर्णय व्हावा असा नियम आहे. आमचा मुदतवाढीवर गेला, कारण शेजारच्या वस्तीतून दोन हरकती आल्या: वास आणि आवाज. दोन्ही रास्त होत्या. हम्बोल्ट पेंग्विन गाढवासारखा रेकतो आणि विणीच्या काळात पहाटेच सुरुवात करतो. आम्ही आवाजाचा अहवाल करून घेतला, पंपघर वस्तीच्या विरुद्ध बाजूला नेलं आणि बिळांची टेकडी मधे आणून तिचाच आडोसा केला. हे सगळं अर्जासोबतच दिलं असतं तर महिनाभर वाचला असता, म्हणून अर्ज करणाऱ्यांनी आवाजाचा अहवाल मागण्याची वाट पाहू नये.

इंग्लंडमध्ये एप्रिल २०२४पासून लहान प्रकल्पांनाही जैवविविधतेत किमान दहा टक्के वाढ दाखवणं बंधनकारक झालं. आमची जागा म्हणजे गवत आणि जुनं कुंपण. सरकारी मोजपट्टीत पेंग्विनांचा गोट्यांचा किनारा शून्य गुणांचा, कारण तो बांधीव पृष्ठभाग ठरतो. त्यामुळे बाहेरच्या बाजूला स्थानिक झुडपांचं कुंपण आणि फुलांचं कुरण आखावं लागलं, त्याची तीस वर्षं निगा राखण्याची हमी द्यावी लागली, आणि त्या योजनेला वेगळी मंजुरी मिळेपर्यंत कुदळ मारता आली नाही. त्या मंजुरीलाही आठ आठवडे धरून चालावं. सांडपाण्याची परवानगी पाणी कंपनीकडून घ्यायची, तिला साधारण दोन महिने. १९८१च्या प्राणिसंग्रहालय परवाना कायद्याखाली परिषदेला बदलाची लेखी सूचना द्यायची. हे तीनही अर्ज एकाच वेळी सोडावेत. एकाचं उत्तर आल्यावर दुसरा करत बसलं तर एक अख्खा हंगाम हातचा जातो.

आता पाणी. हौद २५० घनमीटरचा, सर्वांत खोल भाग सव्वादोन मीटर. पहिला वाद खारं की गोडं हा होता. खाऱ्या पाण्यात शेवाळ कमी वाढतं आणि डोळ्यांवरची लवणग्रंथी काम करत राहते. पण लिटरला ३० ग्रॅम धरलं तर हौद भरायला साडेसात टन मीठ लागतं. शिवाय पाणी गाळणारी वाळूची एक गाळणी उलट दिशेने पाणी सोडून धुतली की दहा घनमीटर पाणी जातं, म्हणजे दर धुण्याला ३०० किलो मीठ गटारात. पाणी कंपनी ते मान्य करणार नव्हती आणि वर्षाचा खर्चही झेपणारा नव्हता. गोडं पाणी ठरलं. आहारात मिठाच्या गोळ्या द्यायच्या की नाही हा निर्णय पशुवैद्यांवर सोडला.

तासाला एकदा संपूर्ण पाणी गाळून फिरवायचं, म्हणजे ताशी २५० घनमीटर. दोन मीटर व्यासाच्या वाळूच्या गाळणीचं क्षेत्रफळ ३.१४ चौरस मीटर. तीन गाळण्यांतून हा प्रवाह नेला तर वेग ताशी २६–२७ मीटर पडतो, तो चालतो. चौथी गाळणी राखीव ठेवली, म्हणजे एक धुवायला काढली तरी उरलेल्या तिघींवर भार वाढत नाही. हिशेब आवळताना ठेकेदार सगळ्यात आधी ही चौथी गाळणी खोडतो. खोडू देऊ नये. धुण्याचं पाणी एकदम गटारात सोडायची मुभा नव्हती, म्हणून २० घनमीटरची झाकलेली टाकी बांधली आणि त्यातून रात्री सेकंदाला दोन लिटर या बेताने पाणी सोडलं.

गाळण्यांपेक्षाही महत्त्वाची गोष्ट पाण्याचा पृष्ठभाग. माशांचं तेल, पेंग्विनांच्या शेपटीजवळच्या ग्रंथीचं तेल, गळालेली पिसं आणि धूळ यांचा तवंग साचतो. पेंग्विन त्यातून वर आला की तवंग पिसांना लागतो, पिसांची पाणी अडवण्याची ताकद जाते आणि पक्षी आतपर्यंत भिजतो. भिजलेला पक्षी थंडीने कुडकुडतो आणि पाण्यात जायचं टाळतो. दिवसभर खडकावर उभा राहिला की तळपायांना फोड येतात. पायांचा आजार दिसतो तेव्हा कारण बहुतेकदा पाण्यावरच्या तवंगात सापडतं. म्हणून एकूण प्रवाहाचा दोन तृतीयांश भाग वरून, सांडव्यावरून ओढला. इथला वारा बहुतेक नैऋत्येकडून येतो आणि तवंगाला ईशान्येकडे ढकलतो, म्हणून सांडवा ईशान्य काठावर. गाळलेलं पाणी परत सोडणारी तोंडंही त्याच दिशेला वळवली.

सांडव्याची लांबी सहा मीटर. त्यावरून ताशी १७० घनमीटर पाणी जाताना थराची जाडी जेमतेम २६ मिलिमीटर भरते. एवढ्या पातळ थरात काठ दहा मिलिमीटरने कलला तरी एका टोकाला जवळपास दुप्पट पाणी वाहतं आणि दुसऱ्या टोकाला तवंग थबकतो. गवंडीकामात दहा मिलिमीटर काहीच नाही. म्हणून काँक्रीटच्या काठावर ३१६ दर्जाच्या स्टेनलेस स्टीलची पट्टी बसवली, उभ्या लांबट भोकांतून बोल्टने वरखाली करता येईल अशी. हौद भरल्यावर पाण्याच्याच पातळीशी जुळवून ती आवळली. स्वस्तातली आणि सगळ्यात उपयोगी पडलेली वस्तू हीच.

खोदकाम ऑक्टोबर २०२४मध्ये सुरू झालं. चिकणमाती आणि वर आलेलं भूजल. रिकामा हौद अशा जमिनीत तरंगून वर उचलला जाऊ शकतो आणि तळाला भेगा जातात. तळाखाली खडीचा थर, त्यात भोकांचे पाइप, एका विहिरीत पंप, आणि तळाला भूजलाचा दाब आत सोडणाऱ्या झडपा अशी तजवीज केली. पुढे कधीही हौद रिकामा करण्याआधी त्या विहिरीतली पातळी बघायची, ही सूचना पंपघराच्या दारावर पत्र्यावर कोरून लावली आहे.

काँक्रीटला अठ्ठावीस दिवस दिले, मग गळतीची चाचणी. सात दिवस पाणी भरून ठेवायचं आणि पातळी रोज मोजायची. हौदातच पाण्याने भरलेली बादली टेकवून ठेवावी. बादलीतली घट म्हणजे बाष्पीभवन, हौदात त्याहून जास्त घट झाली तर ती गळती. आमच्याकडे गळती निघाली, एका पाइपाच्या बाहेरच्या कॉलरपाशी. खडकाचा मुलामा चढण्याआधी सापडली म्हणून दुरुस्ती दोन आठवड्यांत उरकली. मुलाम्यानंतर सापडली असती तर अर्धा कडा फोडावा लागला असता. चाचणी संपल्याशिवाय खडकवाल्यांना आत सोडू नका, त्यांची तारीख हुकली तरी चालेल.

खडक म्हणजे सळयांचा सांगाडा, त्यावर जाळी, त्यावर फवारलेलं काँक्रीट आणि ओलं असतानाच हाताने कोरलेले थर. कारागीर उत्तम होते. मात्र कोरीव खडक जितका खरा दिसतो तितका खरबरीत असतो. आम्ही जागा दोन प्रकारांत वाटल्या: पक्षी जिथे चालणार तिथे सगळे कोपरे गोल, घोटलेला पृष्ठभाग आणि पाणी साचणार नाही असा उतार, जिथे पाय पोचत नाही तिथे कारागिरांना मोकळीक. शिवाय चालण्याच्या जागेचा निम्म्याहून जास्त भाग काँक्रीटचा नाहीच. किनाऱ्यावर २० ते ४० मिलिमीटरचे नदीतले गोल गोटे, टेकडीवर जाड वाळू आणि बारीक खडी. रोज वेगवेगळ्या पृष्ठभागावर पाय पडले की एकाच जागी दाब येत नाही. गोट्यांचा उतार पाण्यात एकास सात या प्रमाणात शिरतो. दुसऱ्या बाजूला पाण्याच्या वर वीतभर उंचीचे कट्टे आहेत, तिथून धीट पक्षी उडी मारतात.

नव्या काँक्रीटमधून चुना सुटतो आणि पाण्याचा सामू दहाच्याही वर जातो. हौद भरणं, दोन-तीन दिवस पाणी फिरवणं, रिकामा करून घासणं, पुन्हा भरणं, हे सामू आठच्या खाली स्थिर होईपर्यंत करावं लागतं. वेळापत्रकात याला सहा आठवडे ठेवा. पाण्याचं बिलही अंदाजपत्रकात धरा, ते बहुतेक जण विसरतात.

बिळं अठरा केली, बारा जोड्यांसाठी. बिळं जोड्यांपेक्षा जास्त हवीतच, नाहीतर चांगल्या बिळासाठी रक्त निघेपर्यंत भांडणं होतात. आतली जागा साधारण ६० बाय ६० सेंटिमीटर, उंची ४५, तोंड अरुंद आणि किंचित वळणाचं, म्हणजे पाऊस आणि कुरव पक्ष्यांची नजर थेट आत जात नाही. तळाला उतार आणि निचऱ्याचं भोक, त्यावर ६ ते १० मिलिमीटरची गोल खडी. मागच्या बाजूने टेकडीच्या पोटात माणसाला वाकून चालता येईल अशी वाट आहे आणि प्रत्येक बिळाला तिथून उघडणारं झाकण. अंडं तपासायला टेकडीवर चढून सगळ्या वसाहतीला उठवावं लागत नाही. गवत, पेंढा, लाकडाचा भुसा यांतलं काही आत घालायचं नाही. ओल्या सेंद्रिय पदार्थावर अस्परजिलस बुरशी वाढते आणि तिने फुप्फुसं धरली की पेंग्विन वाचवणं फार कठीण.

दुसरा मोठा शत्रू डास. क्यूलेक्स डासांमुळे पसरणारा पक्ष्यांचा मलेरिया पेंग्विनांना झपाट्याने मारतो. २०१२मध्ये लंडनच्या प्राणिसंग्रहालयाने त्यात सहा हम्बोल्ट पेंग्विन गमावले. औषध पशुवैद्य देतात, डबकी न ठेवणं हे आराखड्याचं काम. कृत्रिम खडकात नकळत खळगे राहतात. पाऊस पडून गेल्यावर दुसऱ्या दिवशी खडूची कांडी घेऊन प्रत्येक साचलेल्या खळग्याला खूण केली आणि तिथे निचऱ्याचं भोक पाडून घेतलं किंवा तो बुजवला. पन्हळी, झडपांच्या पेट्या, धुण्याच्या पाण्याची टाकी, सगळ्यांना बारीक जाळी. बिळांच्या वाटेत पंखे आहेत, कारण वाहत्या हवेत डासाला नीट उडता येत नाही.

इन्का सुरयांमुळे वरून जाळी आलीच. तिची भोकं २५ मिलिमीटरची, त्यामुळे कुरव आणि राखी बगळे मासे पळवायला आत येत नाहीत. बर्ड फ्लूच्या काळात रानपक्ष्यांना दूर ठेवण्याच्या सरकारी सूचनांतही हेच माप आहे. जाळी वरून पडणारी शीट अडवत नाही, म्हणून सगळे पक्षी मावतील असं पक्क्या छपराचं घर जोडलेलं लागतं. २०२२-२३मध्ये पेरू आणि चिलीच्या किनाऱ्यावर या रोगाने समुद्रपक्षी हजारोंनी मेले, तेव्हा या घरावर काटकसर करायचा प्रश्नच नव्हता. एवढ्या बारीक जाळीत ओला बर्फ अडकून बसतो. न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स प्राणिसंग्रहालयातला समुद्रपक्ष्यांचा जुना पिंजरा १९९५मध्ये बर्फाच्या भाराने कोसळला होता. त्यामुळे खांबांचा हिशेब जाळी बर्फाने पूर्ण भरली आहे असं धरून केला. जाळी स्टेनलेस स्टीलचीच घेतली. जस्ताचा मुलामा दिलेल्या तारेचे कण गळतात, पेंग्विन चमकणारं काहीही गिळतो, आणि जस्त त्याला विषारी.

याच कारणाने पक्षी येण्याआधीची साफसफाई इमारतीच्या साफसफाईसारखी उरकून चालत नाही. सळया बांधायच्या तारेचे तुकडे, स्क्रू, ड्रिलचा कीस सगळीकडे पडलेला असतो. चाकांचं लोहचुंबक किनाऱ्यावरून उभं-आडवं फिरवलं, मग गोटे थर काढून चाळले. स्टेनलेसचे तुकडे चुंबकाला चिकटत नाहीत, ते हातानेच वेचावे लागतात. ठेकेदाराच्या शेवटच्या बिलातला काही भाग या सफाईच्या तपासणीशी जोडून ठेवला होता. हे कलम करारात असू द्या, त्याने फार फरक पडतो.

मे २०२५मध्ये प्राणिसंग्रहालयांसाठीचे सरकारी निकष नव्याने जाहीर झाले, अंमलबजावणीला दोन वर्षांची मुदत देऊन. आमचं काम तेव्हा शेवटच्या टप्प्यात होतं. आराखडा कलमागणिक ताडून पाहिला, नोंदींच्या काही पद्धती बदलल्या, बांधकामात फेरफार लागला नाही.

पक्षी हलवायला सप्टेंबर निवडला, कारण उन्हाळ्यात ते सगळी पिसं एकदम बदलतात. त्या दोन-तीन आठवड्यांत ते पाण्यात जात नाहीत, खात नाहीत आणि अशक्त असतात. तेव्हा प्रवास नकोच. प्रत्येकाची मायक्रोचिप पडताळून, तीस दिवस विलगीकरणात ठेवून, रक्त आणि शीट तपासून मग नव्या जागी सोडलं. पहिल्या दिवशी हौद अर्धाच भरलेला होता, म्हणजे घाबरलेला पक्षी कुठूनही चालत बाहेर येऊ शकेल. बरेच जण दोन दिवस बिळांतून हललेच नाहीत. बुजरे पक्षी हातातून मासा घेत नसतील तर बिळाच्या मागच्या झाकणातून द्यावा. गोठवलेल्या माशात थायमिन (ब१ जीवनसत्त्व) टिकत नाही, म्हणून किलोमागे २५ ते ३० मिलिग्रॅम वेगळं द्यावं लागतं. मासा वितळवायचा तो फ्रिजमध्ये, वाहत्या पाण्याखाली नाही.

एकूण खर्च साधारण बारा लाख पौंड. त्यातला तिसरा हिस्सा हौद आणि गाळण यंत्रणेचा, त्याखालोखाल जाळी आणि खांब, मग खडक. पक्ष्यांची वाहतूक आणि तपासण्या मिळून त्यात नगण्य.

मुंबईत असं काही करायचं म्हटलं तर गणित वेगळं बसतं. भायखळ्याच्या वीरमाता जिजाबाई भोसले उद्यानात २०१६मध्ये सोलहून आलेले हम्बोल्ट पेंग्विन वातानुकूलित दालनात राहतात, आणि त्या हवामानात दुसरा पर्याय नाही. बंद दालनात वारा तवंग एका बाजूला लोटत नाही, त्यामुळे पाणी सोडणाऱ्या तोंडांची दिशा आणखी जपून ठरवावी लागते. बुरशीचे कण हवेतच फिरत राहतात, म्हणून जो पैसा आमच्याकडे जाळीवर गेला तो तिथे हवा गाळण्यावर जाईल. दिव्यांचं वेळापत्रकही ऋतूंप्रमाणे कमी-जास्त करावं लागेल, कारण वीण आणि पिसं बदलणं दिवसाच्या लांबीवर चालतं. पायांखालचे गोटे, कोरडी बिळं आणि जुळवून घेता येणारी सांडव्याची पट्टी मात्र दोन्हीकडे सारखीच लागणार.